घरकर्जाचा खरा हिशेब



पेण आणि रोहा तालुक्यांत आपल्या आजोबा-पणजोबांची पिढी गावकुसाबाहेर, कुडाच्या आणि गवताने शाकारलेल्या घरांत राहिली. त्यांची मुले शिकली. कोणी धाटावच्या औद्योगिक वसाहतीत, कोणी नागोठण्याच्या किंवा डोलवीच्या कारखान्यात, कोणी शाळेत, एस.टी.त, सरकारी कचेरीत नोकरीला लागले. आता त्यांच्या मुलांना पेण किंवा रोह्यात स्वतःचा फ्लॅट हवा आहे. ही इच्छा योग्यच आहे. ज्यांच्या घराला शेकडो वर्षे पत्ता नव्हता, त्यांच्या दारावर नावाची पाटी लागणे ही लहान गोष्ट नाही.

परंतु घर घेताना आपण बहुधा एकच प्रश्न विचारतो, "महिना हप्ता किती बसेल?" बिल्डरचा माणूस, दलाल आणि बँकेचा एजंट या प्रश्नाचे उत्तर तोंडपाठ देतात. "सगळे मिळून मला किती पैसे द्यावे लागतील?" हा दुसरा प्रश्न आपण विचारत नाही आणि तेही आपण होऊन सांगत नाहीत. प्रस्तुत लेखात आम्ही या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर शोधणार आहोत. गणित आठवी-नववीच्या विद्यार्थ्याला समजेल इतकेच आहे. घरातील विद्यार्थ्यांनी वही-पेन्सिल घेऊन ते आईवडिलांना समजावून सांगावे, असा आमचा आग्रह आहे.

हप्त्यात काय दडलेले असते?

समजा, एका सभासदाने २० लाख रुपये घरकर्ज घेतले. व्याजदर ९ टक्के, मुदत २० वर्षे. दर प्रत्यक्षात थोडा कमी-जास्त असतो. हिशेबासाठी आपण ९ टक्के धरू. या कर्जाचा मासिक हप्ता सुमारे १७,९९५ रुपये येतो. असे २४० हप्ते भरायचे. गुणाकार केला तर एकूण ४३ लाख १९ हजार रुपये होतात. म्हणजे २० लाख मुद्दल आणि २३ लाख १९ हजार व्याज. एक घर आपले झाले आणि एका घराहून अधिक किंमत व्याजात गेली.

पहिला हप्ता उलगडून पाहू. २० लाखांवर ९ टक्क्यांनी एका महिन्याचे व्याज १५,००० रुपये होते. १७,९९५ मधून ते वजा केले की उरतात २,९९५ रुपये. पहिल्या महिन्यात आपले कर्ज फक्त तेवढेच कमी झाले. पुढच्या महिन्यात व्याज थोडे घटते, मुद्दलाचा वाटा थोडा वाढतो. पण ही वाढ फार सावकाश होते. मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा जास्त होण्यासाठी १४९ वा हप्ता उजाडावा लागतो, म्हणजे बारा वर्षे उलटून जातात.

पाच वर्षांनंतरचे चित्र पाहा. सभासदाने ६० हप्ते भरले, म्हणजे सुमारे १० लाख ८० हजार रुपये दिले. तो समजतो की निम्मे कर्ज फिटले. बँकेचा उतारा मात्र सांगतो की अजून १७ लाख ७४ हजार बाकी आहेत. कर्ज कमी झाले ते फक्त २ लाख २६ हजारांनी. या कर्जाचे निम्मे मुद्दल फिटायला १४ वर्षे लागतात.

यात बँकेने काही लबाडी केली असे नाही. व्याज नेहमी शिल्लक मुद्दलावर लागते आणि सुरुवातीला मुद्दल मोठे असते, इतकाच याचा अर्थ. पण ज्याला हे ठाऊक नाही, तो पाचव्या वर्षी घर विकायला निघाला किंवा नोकरी गेली म्हणून हिशेब करायला बसला, की त्याच्या पायाखालची जमीन सरकते.

मुदत लांबली की हप्ता स्वस्त, घर महाग

तेच २० लाख, तोच ९ टक्के दर. फक्त मुदत बदलून पाहू.

१० वर्षे : हप्ता २५,३३५ रु., एकूण व्याज सुमारे १० लाख ४० हजार
१५ वर्षे : हप्ता २०,२८५ रु., एकूण व्याज सुमारे १६ लाख ५१ हजार
२० वर्षे : हप्ता १७,९९५ रु., एकूण व्याज सुमारे २३ लाख १९ हजार
३० वर्षे : हप्ता १६,०९२ रु., एकूण व्याज सुमारे ३७ लाख ९३ हजार

शेवटच्या दोन ओळी पुन्हा वाचाव्यात. २० ऐवजी ३० वर्षे मुदत घेतली तर हप्ता फक्त १,९०३ रुपयांनी हलका होतो. त्या सवलतीसाठी पुढे पावणेपंधरा लाख रुपये जास्त भरावे लागतात. उलट २० ऐवजी १५ वर्षांची मुदत घेऊन दरमहा २,२९० रुपये जास्त भरले तर सुमारे ६ लाख ६७ हजार वाचतात. "हप्ता बसवून देतो" असे कोणी सांगितले की तो मुदत वाढवून हप्ता बसवतो आहे, हे ओळखावे.

खाजगी कारखान्यात निवृत्तीचे वय बहुधा ५८ किंवा ६० असते. चाळिशीत कर्ज घेणाऱ्याने २० वर्षांची मुदत घेतली तर शेवटचा हप्ता निवृत्तीच्या उंबरठ्यावर येतो. तेव्हा फंडाची आणि ग्रॅच्युइटीची रक्कम म्हातारपणासाठी उरते की कर्जात जाते, याचा विचार सही करण्यापूर्वी करावा. ओव्हरटाईम धरून हप्ता ठरवू नये. कंत्राटी कामगाराने तर जास्तच जपून पाऊल टाकावे. त्याचे कंत्राट वर्षाचे असते आणि हप्ता वीस वर्षांचा.

व्याजदर बदलतो तेव्हा

बहुतेक घरकर्जे बदलत्या दराची असतात. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी नवी बदलत्या दराची घरकर्जे बाहेरच्या निर्देशांकाशी जोडावीत, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. बहुतेक बँकांनी त्यासाठी रेपो दर घेतला. मे २०२० ते मे २०२२ या काळात रेपो दर ४ टक्के होता. त्या स्वस्ताईत अनेकांनी घरे घेतली. नंतर दर चढत गेला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५० टक्के झाला. म्हणजे एका वर्षाच्या आत अडीच टक्के वाढ झाली. पुढे २०२५ मध्ये तो पुन्हा उतरू लागला.

या चढउताराचा परिणाम एका उदाहरणाने पाहू. ७ टक्क्यांनी २० लाख घेतले, मुदत २० वर्षे, हप्ता १५,५०६ रुपये. दोन वर्षांनी बाकी सुमारे १९ लाख राहिली आणि दर साडेनऊ टक्के झाला. हप्ता तोच ठेवला तर महिन्याचे व्याजच १५,०५० च्या पुढे जाते आणि मुद्दलाला साडेचारशे रुपये उरतात. अठरा वर्षांत फिटायचे कर्ज सदतीस वर्षांवर जाते. मुदत तीच ठेवायची तर हप्ता सुमारे १८,४०० करावा लागतो.

पूर्वी असे झाले की बँक हप्ता तसाच ठेवून मुदत वाढवून टाके आणि कर्जदाराला पत्ताही लागत नसे. म्हणून १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने सांगितले की दर बदलला तर कर्जदाराला कळवावे आणि हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की काही रक्कम एकदम भरायची, हे निवडण्याची संधी त्याला द्यावी. हा आपला हक्क आहे, पण तो मागितल्याशिवाय उपयोगी पडत नाही. वर्षातून एकदा बँकेत जाऊन तीन गोष्टी लिहून आणाव्यात : आजचा दर, आजची बाकी, उरलेले हप्ते.

हप्त्याबाहेरचे खर्च

बँक घराची संपूर्ण किंमत देत नाही. ३० लाखांपर्यंतच्या कर्जात जास्तीत जास्त ९० टक्के, त्यावर ७५ लाखांपर्यंत ८० टक्के अशी मर्यादा आहे. बाकीची रक्कम पदरची लागते. शिवाय मुद्रांक शुल्क, नोंदणी फी, वकिलाचा शोध अहवाल, बँकेची प्रक्रिया फी, बांधकाम चालू असल्यास जी.एस.टी. आणि राहायला गेल्यावर घरपट्टी व मेंटेनन्स. महाराष्ट्रात घर स्त्रीच्या नावावर घेतल्यास मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत आहे. घरातील लक्ष्मीचे नाव नुसते पाटीवर न ठेवता खरेदीखतात घालण्यास हे एक चांगले निमित्त आहे.

पदरची रक्कम भरण्यासाठी दुसरीकडून कर्ज काढू नये. पतसंस्थेचे, दागिन्यांवरचे आणि बँकेचे असे तीन हप्ते एका पगारावर आले की घर चालत नाही.

विम्याकडेही लक्ष द्यावे. कर्ज काढणाऱ्याचा विमा असणे चांगलेच. परंतु विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिसळला जातो तेव्हा त्यावरही वीस वर्षे व्याज चढते. ६० हजारांचा विमा ९ टक्क्यांनी २० वर्षांत १ लाख २९ हजारांना पडतो.

इमारत पुरी होण्याआधी बँक फक्त व्याज घेते. त्या काळात मुद्दल एक रुपयानेही कमी होत नाही. २० लाख पूर्ण उचलले असतील आणि बांधकाम दोन वर्षे रखडले तर ३ लाख ६० हजार नुसते व्याज जाते, वर चालू घराचे भाडे वेगळे. जानेवारी २०२४ मध्ये अटल सेतू सुरू झाल्यापासून पेण परिसराच्या जाहिराती वाढल्या आहेत. जाहिरात पाहण्याआधी प्रकल्पाची महारेरा नोंदणी पाहावी.

प्रवासाचा खर्चही घराच्याच खात्यात मांडावा. पनवेलपेक्षा पेण स्वस्त आणि पेणपेक्षा रोहा स्वस्त म्हणून घर घेतले आणि नोकरी पनवेल-ठाण्याकडे राहिली, तर दरमहा २,००० रुपयांचा जादा प्रवास २० वर्षांत ४ लाख ८० हजार होतो. रेल्वेत आणि महामार्गावर गेलेले तास कोणत्याच उताऱ्यात दिसत नाहीत.

वतनी जमीन आणि जामीनकी

आपल्या समाजाच्या बाबतीत दोन गोष्टी वेगळ्याने सांगितल्या पाहिजेत. अनेकांची गावी थोडी वतनी जमीन आहे. महार वतनाच्या गुलामगिरीविरुद्ध बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई विधिमंडळात विधेयक आणले होते. पुढे १९५८ च्या कायद्याने कनिष्ठ वतने संपली आणि जमिनी पूर्वीच्या वतनदारांना नवीन अविभाज्य शर्तीवर परत मिळाल्या. सात-बाऱ्यावर त्या भोगवटादार वर्ग-२ म्हणून दिसतात. अशा जमिनीवर घर बांधण्यासाठी किंवा ती विकण्यासाठी जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी व नजराणा यांचा प्रश्न येतो, म्हणून बँक ती सहजासहजी तारण घेत नाही. "कागद नंतर करून देतो" असे सांगून कोणी तिच्यावर व्यवहार जुळवू लागला तर सावध व्हावे. आधी तहसील कचेरीत चौकशी करावी.

दुसरी गोष्ट जामीनकीची. नात्यातला, शाखेतला माणूस आला की आपण भिडेखातर सही करतो. भारतीय करार कायदा १८७२ नुसार जामीनदाराची जबाबदारी, करारात वेगळे लिहिले नसेल तर, मूळ कर्जदाराइतकीच असते. हप्ता ९० दिवस थकला की कर्ज बुडीतकडे झुकलेले मानले जाते. २००२ च्या सरफेसी कायद्याने बँक ६० दिवसांची नोटीस देऊन तारण घराचा ताबा घेऊ शकते. विक्रीतून पुरी रक्कम आली नाही तर बाकीसाठी बँक जामीनदाराच्या दारात येते. सही करण्यापूर्वी घरात पत्नीला किंवा पतीला सांगावे. नाही म्हणणे जमत नसेल तर कर्जाचा उतारा दर सहा महिन्यांनी मागावा.

मग कर्ज घेऊच नये का?

असे आम्ही म्हणत नाही. आपल्या वाडवडिलांनी सावकारी पाश सोसला आहे. १८७५ साली पुणे व अहमदनगर जिल्ह्यांत शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या जाळल्या, तेव्हा कुठे १८७९ चा कायदा झाला. मुंबई इलाख्यात दामदुपटीचा जुना नियम होता. थकलेले व्याज एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त वसूल करता येऊ नये, असा तो नियम. १९४६ च्या मुंबई सावकारी कायद्यातही ते तत्त्व आले. बँकांच्या कर्जाला हा कायदा नव्हता, आणि हप्त्याहप्त्याने भरलेल्या व्याजाला तर अशी कोणतीच मर्यादा नाही. वरच्या उदाहरणात व्याज मुद्दलाच्या पुढे गेले ते पूर्ण कायदेशीर आहे. म्हणून इथे कायदा नव्हे, आपला हिशेबच आपले रक्षण करील.

न्यायाने दुसरी बाजूही मांडली पाहिजे. आज ७,००० रुपये भाडे असेल आणि ते दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढले तर २० वर्षांत सुमारे २७ लाख ७८ हजार भाडे जाते आणि हाती घर येत नाही. शिवाय रुपयाची किंमत घटत असते. महागाई दरवर्षी ५ टक्के धरली तर वीस वर्षांनी भरायच्या १७,९९५ रुपयांची किंमत आजच्या सुमारे ६,८०० रुपयांएवढीच राहील. बाबासाहेबांनी १९२३ साली प्रसिद्ध झालेल्या 'द प्रॉब्लेम ऑफ द रुपी' या ग्रंथात रुपयाच्या क्रयशक्तीच्या स्थैर्यावर भर दिला तो याच कारणासाठी. रुपयाचा आकडा तोच राहिला तरी त्यात येणारा माल बदलतो. ज्याचा पगार महागाईबरोबर वाढतो त्याला जुना हप्ता हलका होत जातो. ज्याचा पगार वाढत नाही त्याला मात्र हा दिलासा नाही.

तेव्हा राहण्यासाठी, झेपेल एवढे, कमीत कमी मुदतीचे कर्ज घ्यावे. दुसरे घर "गुंतवणूक" म्हणून कर्जाने घेण्याआधी मात्र वरचा हिशेब दोनदा करावा.

ओझे हलके कसे करावे?

सर्वांत मोठा उपाय म्हणजे सुरुवातीच्या वर्षांत मुद्दलात थोडी थोडी जादा रक्कम भरणे. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाच्या अखेरीस १ लाख रुपये एकदम भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर कर्ज सुमारे २७ महिने आधी फिटते आणि भरलेले लाख वजा जाता जवळजवळ ४ लाख वाचतात. तोच एक लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरला तर सुमारे ५२ हजारच वाचतात.

लाख नसतील तर वर्षाला एक हप्ता जास्त भरावा. २० वर्षांचे कर्ज साधारण साडेसोळा वर्षांत संपते आणि ते जादा हप्ते धरूनही सुमारे ४ लाख ६० हजार कमी द्यावे लागतात. कारखान्यातील बंधूंनी दिवाळीच्या बोनसमधून हे करावे. पेणच्या गणपती कारखान्यांत काम करणाऱ्यांचा पैसा हंगामात येतो. त्यांनी भाद्रपद सरताच, पैसा इकडेतिकडे होण्याआधी, बँकेत जावे. रक्कम भरताना "हप्ता कमी करू नका, मुदत कमी करा" असा अर्ज लेखी द्यावा.

बदलत्या दराच्या घरकर्जावर व्यक्तीकडून मुदतपूर्व परतफेडीचा दंड घेऊ नये, असे रिझर्व्ह बँकेने बँकांना २०१२ सालीच सांगितले आहे. "ती रक्कम आमच्या योजनेत ठेवा, जास्त मिळेल" असे सांगणारे भेटतील. २०१० साली पेण अर्बन बँकेचे व्यवहार बंद पडून हजारो ठेवीदारांची पुंजी अडकली, हे पेणकरांना सांगायला नको. कर्जात भरलेला रुपया मात्र कर्जाच्या दराने खात्रीने वाचतो.

आणखी काही गोष्टी ध्यानात ठेवाव्यात.

१) दर "फ्लॅट" की "घटत्या शिलकेवर", हे विचारावे. १० वर्षांसाठी ९ टक्के फ्लॅट म्हणजे घटत्या शिलकेवरचे जवळजवळ साडेचौदा टक्के होतात.

२) ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत सर्व खर्च धरून वार्षिक दर दाखवणारे तथ्यपत्रक देणे बंधनकारक आहे. ते कर्जदाराला समजेल त्या भाषेत हवे. ते मराठीत मागावे आणि घरी आणून वाचावे.

३) आपला दर आणि नव्या ग्राहकाचा दर यांत फरक दिसला तर बँकेकडे दर बदलून मागावा.

४) कर्ज फिटल्यावर ३० दिवसांच्या आत मूळ कागद परत मिळाले पाहिजेत. १ डिसेंबर २०२३ पासून बँकेच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाईची तरतूद आहे. तारणाची नोंद उतरवून घेण्यास विसरू नये.

तथागतांनी अनाथपिंडिकाला गृहस्थाची चार सुखे सांगितली, त्यांत अनणसुख, म्हणजे कोणाचे देणे नसण्याचे सुख, वेगळे मोजले आहे. संपत्ती असण्याचे आणि उपभोगण्याचे सुख त्यांनी नाकारले नाही. पण देणेमुक्त माणसाची झोप ही त्याहून निराळी आहे, हे त्यांनी ओळखले होते. घर घेण्याचे सुख आणि देणे फेडल्याचे सुख यांत वीस वर्षांचे अंतर असावे की बारा वर्षांचे, हे पुष्कळ अंशी आपल्या हातात आहे.

विद्यार्थ्यांना शेवटी एक काम सांगतो. घरात कर्ज असेल तर या रविवारी त्याचा उतारा मागून घ्या. बाकी मुद्दलाला वार्षिक दराने गुणा, १२०० ने भागा. येईल ते या महिन्याचे व्याज. हप्त्यातून ते वजा करा आणि या महिन्यात तुमच्या घराची किती फूट भिंत खरोखर आपली झाली, ते आईवडिलांना सांगा.

जय भीम!